शिवलेलं जहाज

चेन्नईजवळच्या एन्नोरच्या खाडीकाठी बांधल्या जात असलेल्या शिडाच्या लाकडी जहाजावर कनका इंजिनिअर होती. दोन वर्षं मुत्तय्या आसारी हा म्हातारा सुतार आणि त्याची माणसं सामत्यानं फळ्यांना भोकं पाडून त्या काथ्याच्या दोरीनं शिवत होती. सबंध जहाजात एकही खिळा नव्हता. जहाज पाण्यात उतरवायच्या आदल्या सकाळी आसारीनं तिला बोलावलं. "अम्मा, इथं हात लावा." पाण्याखाली जाणाऱ्या फळीत लोखंडी बोल्ट होते आणि त्यांची डोकी लाकडाच्या भुशानं बुजवली होती. कनकानं जहाज बांधून घेणाऱ्या कंपनीच्या मॅनेजरला, पुरुषोत्तमला, फोन लावला. "काल पोंगलला तुमची माणसं नव्हती, तेव्हा मीच बसवून घेतले," तो म्हणाला. "नुसत्या दोरीचा काय भरवसा?" "लाटेत फळी वाकते म्हणून टिकते. बोल्टपाशी ती चिरेल. आतल्या बारा माणसांचं काय?" "कोळीच आहेत ना, पोहतील. उद्या पाहुणे येताहेत, आता काही उकलायचं नाही." कनकानं फोन बंद केला. तिनं आसारीची पटाशी घेतली आणि ती त्या फळीचा एकेक टाका कापत सुटली. आसारी बघतच राहिला, कारण ते टाके त्याच्याच हाताचे होते. मग त्यानंही दुसऱ्या टोकाकडून कापायला घेतलं. दुपारी पुरुषोत्तम धावत आला तेव्हा बोल्ट उपसलेली फळी वाळूत पडली होती आणि जहाजाच्या कुशीला भलंमोठं भगदाड होतं. "कुणी केलं हे?" तो ओरडला. "मी," कनका म्हणाली. "आता उतरवा पाण्यात."