रिकामी मूठ

रॉक गायकाचा नाटकातला तो पहिलाच प्रयोग होता. गाताना शब्द विसरले की माइक सरळ लोकांपुढे धरायचा, ही त्याची जुनी खोड. हजारो गळे ओळ पुरी करायचे आणि वर ‘काय दिलदार माणूस आहे!’ म्हणून कौतुकही करायचे. शेवटच्या प्रवेशात नाटकातल्या बायकोसमोर गुडघे टेकून त्याला एवढंच म्हणायचं होतं, ‘चुकलं माझं. माफ कर.’ नेमकं तेच आठवेना. सवयीने त्याची माइक धरल्यासारखी रिकामी मूठ प्रेक्षकांकडे गेली. सगळे चिडीचूप. मागून कुणीतरी फिस्सकन हसलं, आणि मग तिसऱ्या रांगेतून त्याच्या खऱ्या बायकोने ती ओळ खणखणीत म्हणून टाकली.

रंगपटात दिग्दर्शक त्याच्यावर उखडला. “पानपानभर स्वगतं तोंडपाठ, आणि हे चार शब्द येईनात? वहिनींना बरे आले!”

तो मान खाली घालून तोंडावरचा रंग पुसत राहिला.

“त्यांना नका बोलू,” प्रेक्षागृहातून आत आलेली त्याची बायको म्हणाली. “चूक कुणाचीही असो, आमच्या घरी ही ओळ पहिल्यापासून माझ्याच वाट्याला आहे.”