नऊ सेकंद

विमानतळावर आई दिसल्यावर एमानच्या ओठांवर हसू यायला सत्तावीस फ्रेम लागल्या होत्या. फोनच्या चित्रणात सेकंदाला तीस फ्रेम, म्हणजे जवळजवळ सेकंदभर. दादीला बघून हसायला तिला सहा पुरत. मुनिबाने, तिच्या आईने, दोन्ही पुन्हा मोजून पाहिलं.

नऊ वर्षं ती तोक्योत ओकुमुरा-सान या म्हाताऱ्या संकलकाच्या हाताखाली सिनेमे कापत, जोडत होती. गेली तेव्हा एमान सव्वा वर्षाची होती. आता ओकुमुरा-सान निवृत्त झाले आणि त्यांची खुर्ची स्टुडिओने तिला देऊ केली. करार पाच वर्षांचा. चार महिने ती उत्तर टाळत होती. नवरा, अबरार, दर फोनला विचारायचा, काय ठरलं? आठ दिवसांच्या सुट्टीवर ती आखातात, अल कुसैसच्या घरी आली होती ती नकार कळवून इथेच राहायचं मनात धरून. फक्त कुणाला तसं सांगितलं नव्हतं.

एमानला शाळेसाठी आपल्या कुटुंबावर फिल्म करायची होती. तीन मिनिटं, वर एक सेकंद चालणार नाही. नऊ सेकंद जास्त होत होते.

दादीची सांदणं हवीतच, एमान म्हणाली. अब्बांच्या पोर्टवरची क्रेनही हवी. मग तिने विमानतळाच्या दृश्यावर बोट ठेवलं.

"मम्मा, दिस वन. इट्स एक्झॅक्टली नाइन सेकंड्स."

हव्वाबी कोळंबी सोलत होती. सुनेकडे न बघता ती हसली. "बरोबर आहे पोरीचं. घरच्या फोटोत पाहुणे कशाला?"

मुनिबाने ते दृश्य काढलं. सांधा इतका साफ बसला की एमानने टाळी वाजवली.

ओकुमुरा-सानचा एक रिवाज होता. कापल्यावर ती फिल्म ज्याला काही सांगितलेलं नाही अशा माणसाला दाखवायची. त्याने काही विचारलं, तर काढलेलं परत लावायचं. नाही विचारलं, तर ते नकोच होतं.

दुपारी अबरार खोर फक्कानच्या पोर्टवरून आला. विमानतळावरचं ते दृश्य त्यानेच टिपलं होतं. मुनिबाने काही न सांगता लॅपटॉप त्याच्यापुढे सरकवला आणि त्याच्या चेहऱ्याकडे बघत राहिली. सांदणांच्या वाफेवर तो हसला. नंतर विमानतळाऐवजी सरळ क्रेन आली. त्याची पापणीही हलली नाही.

"झकास," तो म्हणाला. "फर्स्ट प्राइज, इन्शाल्ला. क्रेन अजून दोन सेकंद चालली असती."

"अजून काही?"

"नाही गं. सगळं आलंय."

मुनिबाने लॅपटॉप मिटला.

"तोक्योला मी हो कळवते आहे," ती म्हणाली.