आधी पाणी

सासऱ्यांच्या नाकाशी बोट धरून सासूबाई थांबल्या, श्वास लागेना, आणि नेमका तेव्हाच मोरीतला नळ खळखळला. पाचव्या दिवशी आलेलं पाणी, तेही अर्ध्या-पाऊण तासाचं.

मी हंबरडा फोडणार, तोच त्यांनी माझ्या तोंडावर हात ठेवला. “आत्ता रडलीस तर अख्खी गल्ली गोळा होईल, अन् पाणी निघून जाईल. यांना अंघोळ कशाने घालणार? आल्यागेल्याला काय पाजणार? गेलेल्या माणसाला घाई नसते. हंडा लाव.”

मी खोलीचं दार लोटलं आणि हंडा लावला. मग कळश्या, बादल्या, पिंप, पातेली, अगदी चहाच्या कपांपर्यंत सगळं भरलं. भरता भरता आत काहीतरी खणकन पडलं.

“मांजर असेल,” सासूबाई म्हणाल्या. “तू बादली बघ, वाहतेय.”

नळाने शेवटची गुळणी टाकली, तेव्हा कुठे त्या मटकन खाली बसल्या. म्हणाल्या, “आता रड.”

कोपऱ्यावरचे डॉक्टर लगेच आले. “केव्हा गेले?”

“पाणी आलं तेव्हा. पावणेसातला.”

डॉक्टरांनी डोळ्यांत बॅटरी मारून पाहिली, मग घड्याळ पाहिलं. “नाही हो आजी. जाऊन दहा-पंधरा मिनिटंच झालीत.”

खाटेवरून लोंबणाऱ्या त्यांच्या हाताखाली पेला आडवा पडला होता. घरातलं तेवढं एकच भांडं भरायचं राहिलं होतं.