कुलथ्यांची ज्येष्ठता

ज्येष्ठतेचा खटला जिंकल्याचे पेढे वाटून कुलथे जागेवर बसले, तोच बढतीची ऑर्डर आली. अधीक्षकपद मिळालं होतं, पण नंदुरबारला. इथे कुडाळात नव्या घराची वास्तुशांत होऊन महिनाही झाला नव्हता.

उरलेले पेढे घेऊन ते धोंगड्यांच्या टेबलाशी गेले. याच धोंगड्यांना कनिष्ठ ठरवायला ते अकरा वर्षं कोर्टात भांडले होते.

"धोंगड्या, तू अपील कर. माझ्या बढतीवर स्थगिती आण. हवं तर वकील मी देतो."

धोंगड्यांनी पेढा तोंडात टाकला. "पण ज्येष्ठ तर तूच ना?"

"तसं काही नाही रे. तुझेही मुद्दे बिनतोड होते."

धोंगडे खुर्चीवरून उठले आणि अदबीनं उभे राहिले.

"कोर्टाचा अवमान माझ्याच्यानं व्हायचा नाही, साहेब."