शेवटची आठ मिनिटं

सिनेमा संपायला आठ मिनिटं उरली आणि पद्मिनीकाकूंचा हात रिमोटकडे गेला. रिमोट जागेवर नव्हता. अनयाने तो आधीच उशीखाली दडवला होता.

"काकू, आज नाही हं. आज एंडपर्यंत बघायचं."

"अगं, पोळ्या व्हायच्यात अजून."

"झाल्या. मी डब्यातसुद्धा ठेवल्या."

सिडनीत वाढलेली आणि गेली बारा वर्षं लॉस एंजेलिसमध्ये काम करणारी अनया पडद्यावर आजवर सहा वेळा मेली होती. एकदा विमानात, एकदा विषाने, एका मालिकेत तर पहिल्याच भागात. काकूंनी त्यातलं एकही मरण पाहिलं नव्हतं. संगीत जरा रडवेलं झालं, की त्या टीव्ही बंद करून उठायच्या. त्यामुळे अमेरिकेत शॉमबर्ग गावातल्या काकूंच्या या घरात पुतणीची सगळी पात्रं ठणठणीत होती. वकीलबाई अजून केस लढत होत्या आणि सैन्यातल्या त्या मुलीचं तर काकूंनी लग्नही लावून टाकलं होतं. महाराष्ट्र मंडळातल्या बायकांना त्यांनी तसं सांगितलंसुद्धा होतं. एरवी अनयाला याची भारी गंमत वाटायची.

पण हा सिनेमा वेगळा होता. यात ती पहिल्यांदाच नायिका होती. या आठ मिनिटांसाठी ती दोन महिने अर्धपोटी राहिली होती आणि महोत्सवात लोक उभं राहून टाळ्या वाजवत होते ते याच आठ मिनिटांसाठी. पण शाळेच्या नाटकात ती झाड झाली होती, तेव्हा अमेरिकेहून विमानाने आल्या होत्या त्या एकट्या काकू. तिला मत हवं होतं ते त्यांचं.

"तू नाही बघितलंस ना, तर मला काम केल्यासारखंच वाटत नाही."

"जगायची कामं देत नाहीत का गं तुला कोणी?" काकू चिडून म्हणाल्या. मग आवाज खाली आला. "तीस वर्षं नर्स होते मी. हेच बघितलं. पण दुसऱ्यांच्या मुलींचं."

अनयाने उशीखालून रिमोट काढून त्यांच्यापुढे धरला. काकूंनी तो घेतला, बाजूला ठेवला आणि तिला चिकटून बसत तिचा हात आपल्या मांडीवर ओढून घेतला.

पडद्यावर खिडकीतून ऊन येत होतं. पलंगावरच्या अनयाचा श्वास लांबत लांबत गेला. सोफ्यावरची अनया काकूंकडेच बघत होती. काकूंनी एकदाही मान फिरवली नाही. पडद्यावरचा डॉक्टर वाकला, त्याने मनगट हातात घेतलं आणि नकारार्थी मान हलवली.

नावं वर सरकू लागली.

"कसं झालं?" अनयाने भीतभीत विचारलं.

काकूंच्या गालांवरून पाणी वाहत होतं. "अगदी असंच असतं गं," त्या म्हणाल्या. "फार छान केलंस."

टाळ्यांनी आलं नव्हतं ते रडू अनयाला आता आलं. डोळे पुसायला तिने हात उचलला, तर तो सुटेना. काकूंची दोन बोटं तिच्या मनगटावर घट्ट टेकली होती. कधीपासून, कोण जाणे.

"सोड ना काकू, नाक पुसायचंय."

"थांब," भिंतीवरच्या घड्याळावरची नजर न काढता काकू म्हणाल्या, "मिनिट पुरं होऊ दे."