पुरवणी कार्ड

२००६ सालची गोष्ट. तेव्हा क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट टपालानं यायचं, आणि त्या घरात ते फोडायचा मान लेकीचा होता. ती रेल्वे स्टेशनवर तिकीट खिडकीत बसायची. आकडेच तिला घाबरतात, असं तिचे वडील म्हणत.

"बाबा, तुम्ही चष्मा घेतलात?"

"कुठला चष्मा?"

"चष्म्याचं दुकान, बंदराचं गाव." तिनं त्या ओळीवरचं कार्डधारकाचं नाव पाहिलं आणि तिचा आवाज खाली आला. "हे तुमचं कार्ड नाही. दादाचं पुरवणी कार्ड आहे, तुमच्याच खात्यावरचं."

बाबा बॉयलर तपासनीस होते, महिन्यातले दहा दिवस फिरतीवर. दादा तीन वर्षांपूर्वी त्यांच्याशी भांडून गेला होता. "मी बोलावल्याशिवाय परत येऊ नकोस," असं बाबाच म्हणाले होते. पाकिटातलं कार्ड त्याच्याबरोबर गेलं. त्यानं ते कधी वापरलं नाही, बाबांनी कधी बंद केलं नाही.

"चोर असणार," बाबा म्हणाले. "त्याला कुठे चष्मा होता? मैलावरून बसचा नंबर वाचायचा. साठ दिवसांत तक्रार करता येते. भर फॉर्म."

आई हात पुसत बाहेर आली. "डोळे बिघडत नाहीत का माणसाचे? मला त्याच वयात लागला चष्मा."

"आई, अगं, फॉर्म तर..."

"काय लिहायचं असतं त्या फॉर्मवर? हा खर्च आमच्या माणसाचा नाही, असंच ना? ते मी कुणाला लिहू देणार नाही."

बाबा स्वतः त्या गावी जाऊन आले. दुकानदारानं हात वर केले. "दिवसाला चाळीस नाकं बघतो साहेब. चेहरे कुठले लक्षात राहायला!"

पुढच्या महिन्याचं पाकीट आलं. त्यात पुरवणी कार्डाचं काही नव्हतं. त्यापुढच्यातही नाही. पाचव्या महिन्यात आईनं जेवण जवळजवळ सोडलं. दिवसभर ती टपालपेटीशी खुर्ची टाकून बसे. डॉक्टर म्हणाले, शरीराला काही झालेलं नाही. त्यांना तेवढंच सांगता येत होतं.

मग स्टेटमेंटवर एक छत्री आली.

"तिकडे पाऊस फार असणार," आई म्हणाली आणि त्या दिवशी दोन वेळा जेवली.

छत्रीमागून बूट आले. वर्षभरानं डबल बेडच्या चादरी आल्या. "लग्न केलं वाटतं गाढवानं. कळवायचं तर!" मग आलं लहान मुलांच्या कपड्यांचं दुकान. आई लोकर घेऊन बसली.

"तू स्टेटमेंट वाचतेस की कादंबरी?" लेक चिडवायची. पण आतून तिला राहवत नव्हतं. प्रत्येक दुकान वेगळ्या गावचं होतं, आणि बंदराचं गाव पुन्हा कधी आलंच नव्हतं. कुणी भामटा आपल्या आईला नातवंडांची आस लावतोय, हे तिला सहन होईना. २००९ साली तिनं बाबांच्या सह्यांच्या गठ्ठ्यात फॉर्म सरकवला, त्यांनी न वाचता सही केली आणि तक्रार बँकेत गेली.

तक्रार विभागातल्या बाईंनी तिला बोलावून पावत्या टेबलावर मांडल्या. "बघा, सही ओळखीची वाटते का."

नाव दादाचं होतं. अक्षर मात्र तिच्या शाळेच्या प्रगतिपुस्तकावर दहा वर्षं पाहिलेलं होतं.

बाबांना तिनं बॉयलरच्या कचेरीबाहेर गाठलं. त्यांनी नाकारलं नाही.

"कार्ड हरवलं म्हणून बँकेला कळवलं. त्यांनी त्याच्या नावाचं नवं दिलं. जिथे फिरतीला जाईन तिथे काहीतरी घेतो."

"आणि घेतलेल्या वस्तू?"

"तिथेच कुणाला तरी देऊन टाकतो. घरी कशा आणू?"

"चष्मापण तुम्हीच?"

"नाही. तो चोरच. पण त्या चोरानं तुझ्या आईला महिनाभर जेवू घातलं. मी बाप असून बघत बसू?" ते बसकडे वळले. "तक्रार मागे घे, बाळ. आणि तिला..."

"मी काय वेडी आहे का सांगायला?"

तिनं तक्रार मागे घेतली. बँकेतल्या बाईंनी कारण विचारलं. "आमच्याच माणसाचा खर्च होता," ती म्हणाली.

२०११ साली बाबा फिरतीवर असतानाच गेले. त्यांच्या कोटाच्या आतल्या खिशात दादाच्या नावाचं कार्ड होतं. ते लेकीनं ठेवून घेतलं, बाबा गेल्याचं बँकेला कळवलं नाही आणि सहीचा सराव केला. त्या वर्षी एक दप्तर आलं, पुढच्या वर्षी तीन चाकांची सायकल.

आई २०१३ साली गेली, समाधानानं. तिच्या उशाशी सहा स्वेटर होते, प्रत्येक आधीच्याहून बोटभर मोठा. लेकीनं लग्न केलं नाही. स्टेशनवर बढती मिळूनही ती खिडकी सोडायला तयार नव्हती. चष्म्याचं दुकान बंद पडलं. तक्रार विभागातल्या बाई शाखाप्रमुख झाल्या, आणि खातं बंद करायला लेक गेली तेव्हा सगळा जुना हिशेब त्यांनीच छापून दिला.

शेवटचा कागद वेगळा होता.

"हा कसला?"

"जुन्या कार्डाचा. तुमच्या वडिलांनी हरवलं म्हणून बंद केलेलं. तरी कुणीतरी ते वापरून बघत होतं. चार वेळा. दर वेळी नकार गेलाय."

लेकीनं कागद जवळ घेतला. चारही ओळींत बंदराच्या गावचं रेल्वे स्टेशन होतं. पहिली ओळ नवं कार्ड आल्यानंतर आठव्या दिवसाची. रक्कम ओळखायला तिला दरपत्रक लागलं नाही. तिथून इथवरचं, एक पूर्ण तिकीट. दुसऱ्या ओळीतही एकच. तिसऱ्या ओळीत दोन पूर्ण.

चौथ्या ओळीत दोन पूर्ण, एक अर्धं.