हिरोचा मित्र

अमेरिकेतल्या पार्सिपनीत राहणाऱ्या परागला एका ब्रिटिश नटाचा भयंकर राग यायचा. कारण त्याची बायको चैत्राली त्या नटाची एकही मालिका सोडत नसे. आजही तो पडद्यावर आला आणि तिने भाजी चिरणं थांबवलं.

"तीस वर्षं झाली, अजून हिरोचा मित्रच करतोय," पराग चिडून म्हणाला. "डायलॉगसुद्धा दोन-चारच. काय आहे एवढं त्याच्यात?"

"समोरचा बोलत असताना तो..."

"टक्कल पडलंय त्याला."

"पडू दे ना. पण तो..."

"मग तो ब्रिटिश अ‍ॅक्सेंट आवडत असेल तुला."

 चैत्राली टीव्हीकडे बघतच म्हणाली, "समोरच्याचं बोलणं संपेपर्यंत तो ऐकून घेतो. मला तेवढंच बघायचं असतं."